ग्रीक पुराणकथा पडद्यावर: मूळ आवाज निवडावा की इटालियन डबिंग?

ग्रीक पुराणकथेवरचा चित्रपट लावताना इंग्रजी आणि इटालियन असे दोन ऑडिओ पर्याय समोर आले, की ‘मूळ ते अस्सल, डब केलेले ते दुय्यम’ हा निकष आपण सवयीने लावतो. इटलीत तयार झालेल्या चित्रपटांपुढे तो टिकत नाही, कारण तिथे कित्येक दशके बहुभाषक नटसंच चित्रीकरणात आपापल्या भाषेत बोलत असे आणि संवाद नंतर स्टुडिओत भरले जात. (आपल्याकडे ‘प्रभात’ने १९३२ साली हरिश्चंद्राची कथा मराठीत आणि हिंदीत वेगवेगळी चित्रित केली, तो मार्ग अर्थातच खर्चिक होता.)

इटालियन दिग्दर्शक पासोलिनीचा १९६९ चा ‘मेदेआ’ घ्या. नायिका ऑपेरा गायिका मारिया कॅलास. पण इटालियन ध्वनिपट्टीवर ऐकू येणारा आवाज रीता सावान्योने या डबिंग-अभिनेत्रीचा आहे. ज्या गळ्यासाठी जग ऑपेरागृहात गर्दी करत होते, तोच गळा इथे बाजूला ठेवलेला आहे, हे आधी खटकते. मात्र चित्रपटात संवाद मुळातच थोडे आहेत, आणि कॅलासचा चेहरा इतके बोलतो की थोड्या वेळाने उसन्या आवाजाची जाणीव उरत नाही. इथे इटालियनच निवडावे. डबिंग हाच या चित्रपटाचा मूळ आवाज आहे.

ग्रीक कवी होमरच्या महाकाव्यावरच्या, इटालियन दूरदर्शनच्या १९६८ च्या ‘ओडिसी’ मालिकेबाबतही माझे मत तेच आहे. नायक ओडिसियस युगोस्लाव्हियाचा बेकिम फेहमिउ आणि त्याची पत्नी पेनेलोपी ग्रीसची इरेने पापास असताना ‘मूळ भाषा’ कोणती म्हणायची? शिवाय भागांच्या आरंभी वृद्ध कवी उंगारेत्ती आपल्या खरखरीत, थांबत थांबत येणाऱ्या आवाजात होमरच्या ओळी वाचतो. केवळ तेवढ्यासाठीही ती पट्टी ऐकण्यासारखी आहे.

कामेरिनीच्या १९५४ च्या ‘युलिसिस’मध्ये (हे ओडिसियसचेच दुसरे नाव) पारडे फिरते. दिग्दर्शक इटालियन असला तरी कर्क डग्लस आणि अँथनी क्विन यांचे स्वतःचे आवाज इंग्रजी पट्टीवर आहेत, आणि डग्लसच्या अभिनयाचा निम्मा जोर त्याच्या दात आवळून बोलण्यात आहे. म्हणून नटासाठी पाहणाऱ्याने इंग्रजी निवडावी. इटालियनमध्ये मात्र नायकाला ‘उलिस्से’ म्हणतात, आणि ते नाव कानी पडताच शाळेत इटालियन कवी दान्ते वाचलेल्या श्रोत्याला नरकाच्या ज्वाळेतून आपल्या अखेरच्या सफरीची हकिकत सांगणारा उलिस्से आठवतो. होमरमध्ये नसलेली ही छाया डबिंगबरोबर आपोआप येते.

भाषेचा खरा फरक संबोधनात दिसतो. इंग्रजीत सगळ्यांना एकच सर्वनाम पुरते. इटालियन संवादलेखकाला ‘तू’ आणि ‘व्होई’ (म्हणजे ‘तुम्ही’) यांतून निवड करावीच लागते. भिकाऱ्याच्या वेषात स्वतःच्याच वाड्यात आलेल्या नवऱ्याशी पेनेलोपी बोलते, तेव्हा ती त्याला ‘तू’ म्हणते की ‘तुम्ही’, यावर तिने त्याला किती ओळखले आहे, याचा अंदाज प्रेक्षक बांधू शकतो. लॅटिनमध्ये एका माणसाला ‘तू’च म्हणत असल्यामुळे इटालियन ‘तू’ला प्राचीनतेचा वासही असतो. मराठी कानाला ही अडचण लगेच कळते.

एकाक्ष पॉलिफेमसची गोष्टही तशीच. ओडिसियस आपले नाव ‘कुणीही नाही’ असे सांगतो आणि आंधळा झालेला राक्षस ओरडतो, की मला कुणीही नाही मारतोय, म्हणून शेजारचे राक्षस मदतीला येत नाहीत. इटालियनमध्ये ‘नेस्सूनो’ हा शब्द क्रियापदाआधी आला, की वेगळा नकार लागत नाही, त्यामुळे कोटी इंग्रजीइतकीच सहज साधते. मराठीत क्रियापदच नकारार्थी करावे लागते, म्हणून वरचे वाक्य अडखळते आणि शेजारच्या राक्षसांना डाव कळायला हवा होता, असे वाटते.

मुलांसोबत डिस्नेचा १९९७ चा ‘हर्क्युलीस’ पाहणाऱ्यांनी फार विचार करू नये. इटालियनमध्ये राउल बोवा बोलतो आणि आलेक्स बारोनी गातो. इंग्रजीतही बोलणारा आणि गाणारा वेगळेच होते. फक्त जेम्स वुड्सचा तोंडाळ, सेल्समनसारखा पाताळदेव हेडीस हवा असेल, तर इंग्रजीला पर्याय नाही.

इटालियन शिकण्यासाठी पाहणाऱ्याने मात्र एक खात्री आधी करावी: परदेशी चित्रपटांची इटालियन सबटायटल्स अनेकदा मूळ इंग्रजीवरून स्वतंत्रपणे केलेली असतात, त्यामुळे ती डब केलेल्या संवादांशी शब्दशः जुळत नाहीत. दोन मिनिटे ऐकत वाचून पाहावे. जुळत नसतील, तर सबटायटल्स बंद करून नुसते ऐकावे.