शिरीष म्हणून विकलेली रोपं शिरीषाची नव्हतीच

पावसाळा तोंडावर आला की रोपांचे टेम्पो गावोगाव फिरायला लागतात म्हणून आत्ताच लिहितेय, आमचे पैसे गेले ते गेलेच पण पाच वर्षं गेली ती कोण भरून देणार.

आमचं घर श्रीवर्धन तालुक्यात. ३ जून २०२० ला निसर्ग वादळात वाडीतल्या निम्म्याहून जास्त पोफळी गेल्या आणि खळ्याच्या कडेचा सासऱ्यांनी लावलेला शिरीष पण आडवा झाला. त्या झाडाचं सुख असं की थंडीत पानं गळायची, म्हणजे सुपारी वाळवायच्या दिवसात खळ्यावर पूर्ण ऊन, आणि मे महिन्यात परत गार सावली. सासूबाईंना तसंच झाड हवं होतं, दुसरं काही नको.

जुलैत एक टेम्पोवाला आला. त्याच्याकडे शिरीषाच्या सुक्या शेंगांची पिशवी होती, खऱ्या शेंगा, चपट्या, कागदासारख्या, गवती पिवळ्या. म्हणाला, "वहिनी, गावठी शिरीष आहे, याच बियांची रोपं." सासूबाईंनी एक शेंग कानाशी धरून हलवली, आतल्या बिया खुळखुळल्या, आणि त्या म्हणाल्या, "हीच गो, हीच!" तिथेच आम्ही फसलो. साडेतीनशेला एक अशी चार रोपं, १४०० रुपये दिले. बिल मागितलं तर व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतो म्हणाला, ते कधी आलंच नाही आणि नंतर नंबरही बंद.

रोपं भराभर वाढली, आम्ही खूश. संध्याकाळी पानं मिटायची म्हणून शंकाही आली नाही, पण खऱ्या शिरीषाची आणि या झाडाची, दोन्हींची पानं मिटतात, ती खूण धरूच नका. गेल्या थंडीत मात्र पानं गळेनात, खळ्यावर दिवसभर सावली, दोन गोणी असोल्या, म्हणजे सालीसकटच्या, सुपारीला बुरशी आली. आणि एप्रिलमध्ये फुलं आली ती गुलाबी! शिरीषाचं फूल हिरवट पांढरं असतं, सुकताना पिवळं पडतं, आणि वास लांबून येतो. हा निघाला रेन ट्री, विलायती शिरीष म्हणतात तो, मूळचा दक्षिण अमेरिकेतला. रस्त्याकडेला ठीक आहे, पण आमच्या खळ्यावर नको होता. सासूबाई त्या दिवशी जेवल्या नाहीत.

इतकी वर्षं आम्ही झाड मान वर करून बघितलेलं, पान हातात घेऊन कधी बघितलंच नव्हतं. तर बघायचं काय, रेन ट्रीची पर्णिका, म्हणजे पानातलं एकेक छोटं पान, तिरकी असते, शंकरपाळी वाकडी कापली गेली तर दिसेल तशी, टोकाकडची जोडी सगळ्यात मोठी आणि खालून हात फिरवला तर मऊ लव लागते. शिरीषाची पर्णिका लांबट, टोकाला गोलसर. शेंग तर अगदीच वेगळी, रेन ट्रीची जाड, काळपट आणि आत चिकट गोड गर, गुरं आवडीने खातात. पण विकणारा शेंग दाखवेल ती खरीच दाखवेल, शेंग आणि रोप एकाच झाडाचं आहे हे कशावरून? पान बघा, आणि बिलावर झाडाचं नाव लिहून घेतल्याशिवाय पैसे देऊ नका.

खळ्याजवळची दोन झाडं आम्ही तोडली, मजुरीच रोपांच्या दुप्पट गेली आणि बुंध्याला परत धुमारे फुटतायत. फेब्रुवारीत माहेरी गेले होते तेव्हा तिथल्या जुन्या शिरीषाखालून शेंगा आणल्या होत्या, त्या उपयोगी पडल्या. पाणी उकळून चुलीवरून उतरवलं, त्यात बिया टाकल्या आणि दुसऱ्या दिवसापर्यंत तशाच ठेवल्या, कारण साल इतकी टणक की नुसत्या पेरल्या तर उगवायला फार वेळ घेतात. फुगलेल्या तेवढ्या पिशव्यांत लावल्या. अकरा उगवल्यात, वीतभर झाल्यात, बकऱ्यांपासून वाचवायला सासूबाईंनी वर जुनं मासळीचं जाळं टाकलंय आणि रोज सकाळी आधी तिकडे जाऊन येतात.