कालद्वाराची निवड : तीन रचना आणि त्यांचे धोके

विज्ञानकथेसाठी किंवा खेळासाठी कालप्रवासाचे द्वार रचायला बसलेल्या लेखकापुढे मुख्यतः तीन पर्याय असतात. पहिला मुक्त उडीचा, म्हणजे यंत्रावर तारीख घालावी, चौकटीतून आत शिरावे आणि त्या तारखेला बाहेर पडावे. दुसरा जोडमुखी द्वाराचा, ज्यात एका बोगद्याची दोन तोंडे दोन वेगळ्या काळांत उघडतात आणि प्रवास फक्त त्या दोन तोंडांमध्येच होतो. तिसरा एकेरी द्वाराचा, ज्यातून केवळ भविष्यात जाता येते. तिन्ही रचना काल्पनिकच आहेत, पण त्यांतला भौतिकशास्त्राचा आधार कमीजास्त आहे आणि धोक्यांची जातही वेगवेगळी आहे. माझा कौल जोडमुखी द्वाराला आहे, कारण त्याचा धोका घड्याळ आणि मोजपट्टी घेऊन हिशेबाने मांडता येतो, आणि हिशेबात बसणाऱ्या धोक्याशी पात्रांना झुंजता येते.

एकेरी द्वाराबद्दल फारसे बोलण्यासारखे नाही. प्रकाशवेगाच्या ९९.५ टक्के वेगाने जाणाऱ्या प्रवाशाचे एक वर्ष सरते तेव्हा मागे राहिलेल्यांची सुमारे दहा वर्षे सरलेली असतात, आणि घड्याळे अशी वेगवेगळी चालण्याचा परिणाम अत्यल्प प्रमाणात का होईना, रोज वापरात आहे : जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे वेगामुळे मंद होतात, पण उंचीवरच्या कमी गुरुत्वाकर्षणामुळे त्याहून अधिक जलद होतात आणि एकूण जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि त्याची दुरुस्ती करावी लागते. इथे इतिहास बिघडण्याची भीती नाही. धोका आहे तो परत न येता येण्याचा, आणि ती विरहाची कथा लिहायची असेल तर याहून चांगला पर्याय नाही.

मुक्त उडी वाचकाला सर्वांत ओळखीची आणि लेखकाला सर्वांत सोयीची वाटते, पण तिची खरी अडचण पत्त्याची आहे. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने फिरते, त्यामुळे सूर्याच्या संदर्भात एका तासात ती एक लाख किलोमीटरांहून अधिक सरकलेली असते. शिवाय सूर्यही आकाशगंगेच्या केंद्राभोवती फिरतोच आहे. मग ‘याच जागी, पण तासाभरापूर्वी’ या शब्दांतली जागा कशाच्या संदर्भात धरायची? निरपेक्ष स्थान नावाची गोष्टच सापेक्षता सिद्धांतात नाही, म्हणजे चुकीच्या जागी पोहोचण्याचा धोका तर राहोच, बरोबर जागा कोणती हेच आधी ठरत नाही. लेखक ‘यंत्र ते सांभाळून घेते’ असे म्हणून मोकळा होऊ शकतो. पण मग यंत्र आणखी काय काय सांभाळून घेते, असे वाचक प्रत्येक संकटाच्या वेळी विचारणार. शिवाय या रचनेला आणखी एका प्रश्नाचे उत्तर द्यावे लागते. स्टीफन हॉकिंग यांनी २८ जून २००९ रोजी कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रण मात्र मेजवानी उरकल्यावर जाहीर केले. कोणीही आले नाही. कोणत्याही तारखेला जाता येत असेल, तर का आले नाही?

जोडमुखी द्वाराला हा प्रश्न अडवत नाही, कारण त्यातून द्वार कालयंत्र झाले त्या क्षणाच्या आधी जाता येत नाही. या रचनेची मुळे १९३५ साली आइन्स्टाइन आणि रोझेन यांनी मांडलेल्या, अवकाशातील दोन ठिकाणे जोडणाऱ्या सेतूपर्यंत जातात. तो सेतू ओलांडण्याजोगा नव्हता; फुलर आणि व्हीलर यांनी १९६२ मध्ये दाखवून दिले की प्रकाशकिरण पार होण्याआधीच तो मिटतो. १९८८ मध्ये मॉरिस आणि थॉर्न यांनी ओलांडता येईल अशा कृमिविवराचे, म्हणजे अशाच बोगद्याचे, गणित मांडले. त्याचा गळा उघडा ठेवायला ऋण ऊर्जा, म्हणजे रिकाम्या पोकळीपेक्षाही कमी ऊर्जा, लागते, आणि तीही भलतीच : मीटरभर रुंदीच्या गळ्यासाठी तिचे मान गुरू ग्रहाच्या वस्तुमानाच्या तोडीचे निघते. ऋण ऊर्जा ही निव्वळ कविकल्पना नाही. दोन समांतर धातुपट्ट्यांमधल्या पोकळीत ती अतिसूक्ष्म प्रमाणात असते, हे कॅसिमिर यांनी १९४८ मध्ये वर्तवले होते. मात्र गुरूएवढी ऋण ऊर्जा आणायची कुठून, हे कथेनेच पदरचे घालायचे आहे, आणि माझ्या मते एवढी एकच उधारी वाचक खुशीने देतो.

खरी गंमत पुढे आहे. बोगद्यातून पाहिले तर दोन्ही तोंडांची घड्याळे कायम जुळलेली दिसतात, पण एक तोंड वेगाने फिरवून आणले की बाहेरून पाहता त्याचे घड्याळ मागे पडते. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी आण्विक घड्याळे विमानाने पूर्वेकडून जगप्रदक्षिणेला नेली, तेव्हा ती सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली. त्या विमानात घड्याळाऐवजी द्वाराचे एक तोंड असते, तर? तेवढ्या वेळात प्रकाश साडेसतरा मीटरांच्या आसपास जातो. परतलेले तोंड जागेवरच्या तोंडापासून याहून जवळ आणून ठेवले की मागे पडलेल्या तोंडातून शिरणारा प्रकाशकिरण निघण्यापूर्वीच मूळ जागी पोहोचू शकतो, आणि साधे वाहतुकीचे द्वार कालयंत्र होते.

त्यासाठी विमानाचीही गरज नाही. गुरुत्वाकर्षणामुळे खालचे घड्याळ वरच्यापेक्षा मंद चालते. २०१० मध्ये अमेरिकेतील प्रयोगशाळेने केवळ ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकाने पडणारा हा भेद मोजला. एक तोंड तळमजल्यावर आणि दुसरे बरोबर त्याच्या वर गच्चीवर ठेवले, तर साधारण ३५४ दिवसांत ती जोडी आपोआप कालयंत्र होण्याची सीमा ओलांडते. उंची कमी असो वा जास्त, मुदत तीच राहते, कारण उंची वाढली की घड्याळांतला फरक आणि प्रकाशाला लागणारा वेळ दोन्ही सारख्याच प्रमाणात वाढतात. मुक्त उडीच्या यंत्राला असा मुदतीचा हिशेब देता येत नाही.

सीमेचा क्षण हाच सर्वांत धोक्याचा. त्या वेळी किरण फिरून निघाल्या क्षणीच परत येतो, पुन्हा शिरतो, आणि निर्वात अवकाशातली सूक्ष्म क्वांटम स्पंदनेही अशीच साठत जातात. या वाढीमुळे निसर्ग कालयंत्र तयार होऊ देणार नाही, असा तर्क हॉकिंग यांनी १९९२ मध्ये मांडला. गुरुत्वाकर्षणाचा पूर्ण क्वांटम सिद्धांत हाती नसल्याने निकाल लागलेला नाही, त्यामुळे द्वार फुटते की टिकते, हे लेखकाने ठरवायचे.

भूतकाळात जाऊन इतिहास बदलता येतो का, याचा नियम मात्र तिन्हींपैकी भूतकाळात नेणाऱ्या दोनच रचनांना लागतो. भौतिकशास्त्रज्ञ नोविकोव्ह यांच्या मांडणीप्रमाणे भूतकाळात केलेली कृती आधीच घडलेल्या इतिहासाचाच भाग असते, त्यामुळे स्वतःचा जन्मच टळावा म्हणून आजोबांवर झाडलेली गोळी हुकतेच. भौतिकशास्त्रज्ञ डॉइच यांनी १९९१ मध्ये मांडलेल्या पर्यायात ही विसंगती अनेक विश्वांच्या आधाराने सुटते. जोडमुखी द्वाराशी पहिला नियम शोभतो, कारण दोन्ही तोंडे एकाच इतिहासात रोवलेली असतात. मुक्त उडीला दुसरा अधिक सोपा पडतो. फक्त मग प्रवासी ज्या जगात परततो ते त्याचे नसते, आणि ते वाचकापासून लपवणे मला अप्रामाणिक वाटते.

कथा प्राचीन काळातच घडायची असेल, तर जोडमुखी द्वार आपल्या पात्रांनी बांधलेले असून चालणार नाही. ते फार पूर्वी कोणीतरी सोडून गेलेले आणि आता सापडलेले असावे लागेल. अशा द्वाराच्या दोन तोंडांतला कालभेद कोणालाच माहीत नसतो, पलीकडचा वायुदाब आणि तिथले जंतूही माहीत नसतात, आणि दाबात फरक असेल तर द्वार उघडताच हवा वाहू लागते. तिथे पहिल्या प्रकरणात आत शिरणारी वस्तू घड्याळ आणि दाबमापक असायला हवी. माणसाची पाळी त्यानंतर.