शॉकअपच्या वरचं बेअरिंग: आठ महिने, नऊ हजार किलोमीटर आणि मधे एकदा खाल्लेली माती

गाडी २०१४ ची, छोटी पेट्रोल हॅचबॅक. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण दोष गाडीचा नव्हता आणि पुढं मॅकफर्सन स्ट्रट (शॉकअप आणि स्प्रिंग यांचा एकच उभा खांब) असलेल्या कुठल्याही गाडीत हे होतं. आपल्याकडच्या बहुतेक छोट्या गाड्या तशाच. १९८३ साली आलेल्या मारुती ८०० पासून ही पद्धत घराघरात पोचली. मार्चअखेर दोन्ही बाजूंची वरची बेअरिंग बदलली. मधे अख्खा पावसाळा गेला, आता नोव्हेंबर आहे आणि ९,२०० किलोमीटर झालेत. स्टेअरिंग अजून पहिल्या दिवसासारखं सुटं फिरतं. पण इथवर यायला मला पाच महिने लागले, आणि त्यातले निदान दोन माझ्याच कंजूषपणात गेले.

सुरुवात गेल्या वर्षी ऑक्टोबरात झाली. सकाळी पार्किंगमधून रिव्हर्स घेताना स्टेअरिंग पूर्ण वळवलं की पुढून एकच आवाज यायचा: टंग. रिकाम्या पिंपावर कुणी बोटानं टिचकी मारावी तसा. मी आधी दुर्लक्ष केलं. मग कोल्हापुरात साने गुरुजी वसाहतीतून निघून गोकुळ शिरगावला जाताना आणखी एक गोष्ट जाणवायला लागली. वळण संपल्यावर स्टेअरिंग आपोआप सरळ व्हायला हवं, ते व्हायचं नाही. हातानं आणावं लागायचं. हायवेला लागलो की गाडी होडीसारखी. जरा इकडं, जरा तिकडं, सारखी दुरुस्ती करत बसायचं. सहापदरीकरणाच्या कामातल्या डायव्हर्जनवर, शेजारी उसाची ट्रॉली असताना, ही मजा करायची गोष्ट नव्हे.

हवा तपासली. अलाइनमेंट (चाकांचे कोन जुळवणं) केलं. पंधरा दिवसांनी परत केलं. मशीनवर सगळे आकडे हिरवे, आणि रस्त्यावर गाडी तशीच. तेव्हा माझ्या लक्षात यायला हवं होतं, पण आलं नाही: अलाइनमेंट बिघडलेली गाडी कायम एकाच बाजूला ओढते. माझी गाडी डावीकडं वळून आल्यावर डावीकडं ओढायची, आणि उजवीकडं वळून आल्यावर उजवीकडं. शेवटचं वळण जिकडं घेतलं, तिकडची आठवण धरून बसायची. हे लक्षण ज्याला दिसेल त्यानं अलाइनमेंटवर पैसे घालू नयेत, थेट बॉनेट उघडावं.

एका सर्व्हिस सेंटरनं सांगितलं, स्टेअरिंग रॅक (स्टेअरिंगचं फिरणं चाकांपर्यंत पोचवणारा भाग) गेलाय. अंदाजपत्रक २६,००० रुपये. ते ऐकून मी गाडी घेऊन तसाच बाहेर आलो. दुसऱ्या एका गॅरेजनं लिंक रॉड (वळणात गाडी कलू न देणारी पट्टी शॉकअपला जोडणारे दांडे) बदलले, दोन्ही मिळून १,७०० रुपये. खडबडीत रस्त्यावरची खडखड त्यानं खरंच कमी झाली, कारण लिंकही गेलेल्याच होत्या. टंग मात्र जागच्या जागी.

शेवटी ऑफिसातल्या एकानं उद्यमनगरातल्या मिस्त्रींकडं पाठवलं. गल्ली अरुंद, दोन्ही बाजूंना लेथ चालू, जमिनीवर लोखंडाचा कीस. मिस्त्रींनी माझी सगळी कथा ऐकून घेतली आणि म्हणाले, "रॅकला कशाला हात लावताय साहेब? आधी वरनं बघूया की."

बायको सोबत होती. ती म्हणाली, "मी स्टेअरिंग फिरवतो, तुम्ही ऐका." (पुण्याच्या वाचकांनी दचकू नये, आमच्याकडं बायकाही येतो, जातो, करतोच म्हणतात.) इंजिन चालू, गाडी जागेवर उभी, हँडब्रेक ओढलेला. मिस्त्रींनी चाकाच्या वरून हात घालून तळवा स्प्रिंगच्या बाहेरच्या अंगाला टेकवला. मलाही तसंच करायला लावलं, पण आधी बजावलं: दोन वेटोळ्यांच्या मधे बोट घालायचं नाही, स्प्रिंग सुटली तर बोट जाईल. स्टेअरिंग हळूहळू एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडं. उजवीकडची स्प्रिंग बऱ्यापैकी एकसारखी फिरत होती. डावीकडची थांबायची, थांबायची, आणि मग एकदम उडी मारायची. उडीबरोबर टंग. तळहाताला तो झटका असा बसतो की पुन्हा शंका उरत नाही.

झालं काय होतं, तर या रचनेत शॉकअप आणि त्यावरची स्प्रिंग असा अख्खा खांब चाकाबरोबर वळतो. खांबाचं वरचं टोक मात्र बॉडीला नटांनी घट्ट. फिरणारं आणि न फिरणारं यांच्या मधे एक चपटं बेअरिंग असतं, बशीएवढं. ते अडकलं की स्प्रिंगचा खालचा भाग चाकाबरोबर वळतो, वरचा भाग जागेवर राहतो आणि स्प्रिंगला पीळ बसतो. पीळ हाताबाहेर गेला की वरचा भाग निसटतो, तोच टंग. आणि सुटलेली स्प्रिंग त्या नव्या जागेलाच आपली जागा मानते, म्हणून सरळ रस्त्यावर आल्यावर गाडीला मागच्या वळणाकडं खेचत राहते.

आवाजांच्या बाबतीत मिस्त्रींनी सांगितलेलं एक वाक्य मला पन्नास व्हिडिओंपेक्षा उपयोगी पडलं: चाक फिरत नसताना, नुसत्या स्टेअरिंगवर आवाज आला तर वर बघायचं. ॲक्सलचा जॉइंट गेला असेल तर टकटक येते, पण गाडी वळत पुढं चालत असताना, ॲक्सिलरेटर दिला की. लिंक रॉड सरळ रस्त्यावरच्या बारक्या खड्ड्यांत खडखडतो. लोअर आर्मचा बुश (चाकाला खालून धरणाऱ्या दांड्यातलं रबर) गेला तर ब्रेक मारताना किंवा सोडताना एकच ठक. पण दोन गोष्टी एकदम गेल्या असतील, माझ्यासारखं, तर एक बरी झाल्यावर दुसरी ऐकू येते आणि माणूस गोंधळतो.

आता माती खाल्ली ती अशी. मिस्त्री म्हणाले, दोन्ही बाजू करा, माउंटिंगचं (खांबाचं वरचं टोक बॉडीला धरणारी बैठक) रबरही बदला, खोललंच आहे तर. मी म्हणालो, उजवी चांगली आहे ना, मग डावीच करू. आणि बेअरिंगही मीच आणलं, सुटं, कागदात गुंडाळलेलं, १८० रुपयांचं. मिस्त्रींनी ते हातात धरून फिरवलं, काही बोलले नाहीत, फक्त माझ्याकडं बघितलं. मजुरी ६५०, अलाइनमेंट ४००. जानेवारीच्या मध्याला गाडी घरी. चार दिवस मी आख्ख्या ऑफिसला सांगत होतो, सव्वीस हजारांचं काम बाराशेत केलं.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात उजवीकडून टंग सुरू. त्याच महिन्यात डावीकडं परत जडपणा. परत उद्यमनगर. मिस्त्रींनी डावीकडचं दोन महिन्यांचं बेअरिंग काढून माझ्या हातात दिलं. बोटानं फिरवलं तर जात्यासारखं घरघरत होतं. प्लास्टिकच्या दोन कड्या एकमेकींवर नीट बसतच नव्हत्या, त्या फटीतून धूळ आत. उजवीकडचं जुनं, अकरा वर्षांचं, त्याहून बरं होतं म्हणायची पाळी. त्यातल्या गोळ्या गंजलेल्या, ग्रीसचा लाल चिखल झालेला, पण कडी तरी अखंड.

मी विचारलं, हे पुराच्या पाण्यानं झालं असेल का? २०२१ च्या पुरात गाडी नागाळा पार्कात मेव्हण्याच्या दारात होती आणि पाणी चाकाच्या निम्म्यापर्यंत आलं होतं. मिस्त्रींनी मान हलवली. बेअरिंग चाकाच्याही वर, तिथवर ते पाणी गेलंच नव्हतं. खरं कारण रोजचं: पावसात चाकानं वर उडवलेलं चिखलाचं पाणी, वर्षानुवर्षं. डावी बाजू आधी गेली तीही त्यामुळंच, रस्त्याच्या कडेचा चिखल तिच्याच नशिबी. पंचगंगेला कशात तरी गोवायची आपल्याला सवय असते, यात ती निर्दोष निघाली.

या वेळी मी मुकाट ऐकलं. कंपनीच्या काउंटरवरून, गाडीचा चेसिस नंबर दाखवून, पार्ट नंबर जुळवून माल घेतला. बेअरिंग ४६० ला एक, वरची माउंटिंग ८५० ला एक, धुळीचं रबरी बूट आणि बंप स्टॉप (शॉकअप पूर्ण दबला की आपटू न देणारा ठोकळा) मिळून एका बाजूला ३८०. दोन्ही बाजूंची मजुरी १,४०० आणि अलाइनमेंट ४५०. एकूण ५,२३० रुपये. (काही गाड्यांत बेअरिंग माउंटिंगमध्येच बसवलेलं येतं, सुटं मिळत नाही. आपलं कुठलं ते विचारून घ्यावं.)

काम सगळं बघितलं, अडीच तास स्टुलावर बसून. चाक काढलं, खाली घोड्या लावल्या, ब्रेकच्या नळीची पट्टी सोडवली, लिंक रॉड बाजूला केला. खालच्या दोन मोठ्या बोल्टांच्या जागी त्यांनी आधी खडूनं खूण केली, मग वर स्क्रायबरनं बारीक रेघ मारली. ते बोल्ट जागेवरून सरकले तर चाकाचा कल बदलतो. मग बॉनेटमधले वरचे नट. इथं एक गोष्ट ठळक सांगतो. मधला मोठा नट स्प्रिंग दाबल्याशिवाय हलवायचा नाही. स्प्रिंगमध्ये गाडीच्या पुढच्या वजनाचा दाब साठलेला असतो, तो नट निघाला की सगळं वर उडतं. मिस्त्रींनी खांब बाहेर काढून, समोरासमोर दोन कंप्रेसर लावून, आळीपाळीनं थोडं थोडं आवळून स्प्रिंग सैल केली आणि मगच त्या नटाला पाना लावला. मला घरच्या पार्किंगमध्ये करायची खुमखुमी होती. ती तिथंच उतरली.

त्यांच्याकडं त्या नटासाठी एक खास सॉकेट आहे, वरून भोक पाडलेलं. बाहेरून सॉकेटनं नट धरायचा आणि भोकातून ॲलन की घालून शॉकअपचा दांडा रोखायचा, म्हणजे दांडा नटाबरोबर फिरत नाही. शेजारच्या लेथवर बनवून घेतलेलं. एअर गननं तो नट झटक्यात निघतो, पण दांडा गरागरा फिरून आतलं सील खराब करतो आणि चार महिन्यांनी शॉकअप गळायला लागतो, असं त्यांचं म्हणणं. माझा पहिला गॅरेजवाला गननंच करायचा, म्हणून हे ऐकून मी गप्प बसलो.

बेअरिंगची वरची बाजू कुठली, खालची कुठली, हे नव्या डब्यावर बाणानं दिलं होतं. उलटं बसलं तर पहिल्याच आठवड्यात बोंब. बंप स्टॉप काढताना त्याचा अक्षरशः भुगा झाला, शेंगदाण्याच्या कुटासारखा. म्हणजे खड्ड्यात गाडी आपटायची तेव्हा मधे काहीच नव्हतं. माउंटिंगच्या रबरात नख घुसेल एवढ्या भेगा होत्या. हे सगळं जानेवारीत डावीकडं तसंच ठेवून आम्ही वर नवं बेअरिंग बसवलं होतं.

आता आठ महिन्यांचा हिशेब. वळण संपलं की स्टेअरिंग आपसूक सरळ होतं, बोटं सैल सोडली तरी. जूनमध्ये सासुरवाडीला गगनबावड्याला गेलो, पुढं भुईबावडा घाट उतरलो. गेल्या वेळी याच घाटात प्रत्येक वळणानंतर स्टेअरिंग ओढून आणावं लागलं होतं आणि खाली पोचेपर्यंत खांदे भरून आले होते. या वेळी पाऊस असा की वायपर पुरेना, पण हात हलके. सपाट रस्त्यावर गाडी एका रेषेत. मायलेज तेवढंच आहे. कुणी वाढतं म्हणालं तर विश्वास ठेवू नका. स्टेअरिंग थोडं हलकं वाटतं, पण ते बऱ्याच अंशी जडपणा गेल्याचं.

त्रास अजिबात झाला नाही असं नाही. पहिल्या अलाइनमेंटनंतर स्टेअरिंग किंचित तिरकं बसलं होतं; सहाशे किलोमीटर चालवून, स्प्रिंगा बसल्यावर परत जाऊन सरळ करून घेतलं, त्यांनी पैसे घेतले नाहीत. ऑगस्टमध्ये सलग पाऊस असताना डावीकडून बारीक कुईं आवाज आला. माझ्या पोटात गोळा. निघालं एवढंच की बूटाचं खालचं टोक खाचेतून सुटून दांड्याला घासत होतं. दोन मिनिटांत बसवलं. पुढच्या टायरांची आतली कड आधी झिजत होती, ती झीज आता वाढलेली दिसत नाही, पण जुनी झालेली झीज काही भरून येत नाही, ते टायर बदलावे लागतीलच.

महिन्यातून एकदा, गाडी धुताना, बायकोला स्टेअरिंगवर बसवून मी दोन्ही स्प्रिंगांना हात लावून बघतो. परवा बघितलं, दोन्ही लोण्यासारख्या. फक्त ब्रेक सोडताना अधूनमधून एक ठक येतेय. मिस्त्रींकडं नेली तर म्हणाले, "लोअर आर्मचा बुश. संक्रांतीपर्यंत ढकला, पण या वेळी दोन्ही बाजूंचे आणा."