व्हरहूवन बघायचाय, पण 'रोबोकॉप' का 'ब्लॅक बुक'?

भाचा विचारतोय, पॉल व्हरहूवन या डच दिग्दर्शकाचा एकच पिक्चर बघायचा तर कोणता? वेळेचं म्हणशील तर 'रोबोकॉप' (१९८७) पावणेदोन तासांत आटपतो, 'ब्लॅक बुक' (२००६) जवळपास अडीच तास खातो, वर संवाद डच-जर्मनमध्ये, म्हणजे सबटायटल्स वाचत बसा. रक्तपात दोन्हीकडे आहेच, पण 'रोबोकॉप'मध्ये तो इतका अति की हसू येतं आणि मधेमधे खोट्या जाहिराती टाकून कंपन्यांची जी काही खिल्ली उडवलीय ना! 'ब्लॅक बुक' वेगळाच, दुसऱ्या महायुद्धातला नेदरलँड्सच्या हेग शहरावरचा जर्मन ताबा या माणसाने लहानपणी स्वतः बघितलाय, म्हणून तिथे आपले-परके असं सरळ काही नाहीच, भूमिगतांमध्येही गद्दार निघतात. ऑफिसातून दमून आलास तर 'रोबोकॉप' लाव, रविवार मोकळा असला तर 'ब्लॅक बुक'. आईबाबांसोबत मात्र दोन्ही नको रे बाबा!