दारातला सर्व्हे, चार फेऱ्या : साडेतीन तारे

आमच्या आत्या, म्हणजे सासूबाई, रोज तीन-चार तास तरी कांड्या भरतात, म्हणजे मागाच्या धोट्यात बसणाऱ्या नळ्यांवर सूत गुंडाळतात. कोण काम करतंय, कोण बेकार आहे ते मोजणाऱ्या सरकारी सर्व्हेत मात्र पहिल्या महिन्यात त्यांच्या नावापुढं 'फक्त घरकाम' लागलं. चूक कुणाची ते सांगते, आधी घर सांगते. बेळगावच्या वडगावात आमचे दोन यंत्रमाग आहेत. सूत सावकाराचं, साडी सावकाराची, आमची मजुरी. हे मागावर, मी मागावर आणि पिको-फॉलवर, आत्या कांडी मशीनवर.

मागं एकदा असाच एक सर्व्हे झाला होता, कुणाचा ते जाऊ दे. पोरगा गाडीवरनं उतरलासुद्धा नाही. आमच्या घरातली माणसं त्यानं शेजारच्या काकींना विचारून लिहून घेतली आणि लग्न होऊन गडहिंग्लजला गेलेली माझी नणंद परत माहेरी नांदायला आणून ठेवली. तेव्हापासनं टॅब घेऊन कोण आलं की मी दार अर्धंच उघडते.

यावेळी आलेली मुलगी धारवाडकडची. गळ्यात ओळखपत्र. आधी एक दिवस गल्लीतली सगळी घरं लिहून गेली, माणसं किती आणि त्यात दहावी झालेली किती. मग त्यातनं बारा घरं निघाली, त्यात आमचं. "आमचंच का हो?" म्हणून विचारलं तर म्हणाली, "अक्का, मी नाही निवडत." लॉटरीच की, फक्त बक्षीस नसलेली. सर्व्हेचं नाव नियतकालिक श्रमबल सर्वेक्षण, सगळे पीएलएफएस म्हणतात. २०१७ पासून चालू आहे. जानेवारी २०२५ पासून नमुना बराच वाढवला, देशभरात सुमारे २.७२ लाख घरं, आणि निवडलेल्या घरी लागोपाठ चार महिने चार फेऱ्या.

पहिल्या फेरीला सकाळी साडेदहाला या म्हणून मीच सांगितलं होतं. माग चालू असताना आमच्याकडं बोलणं म्हणजे ओरडणंच असतं, हे मला कळायला पाहिजे होतं. तिनं आत्यांना विचारलं, "अज्जी, एन केलसा माडतीरी?" म्हणजे, आजी, काय काम करता? आत्यांना बाजारापुरतं कन्नड येतं. त्यांनी हात हलवला, "एनू इल्ल," काही नाही. मी पण आतनं ओरडले, "त्या घरातच असतात!" झालं, तेच लागलं.

खोटं कुणीच बोललं नाही बघा. आमच्याकडं काम म्हणजे 'कामाला जाणं'. डबा घेऊन बाहेर पडायचं, शनिवारी पैसे आणायचे. कांड्या भरणं म्हणजे काम नव्हे, बसल्या बसल्या हात चालवणं. कन्नडात केलसा म्हटलं काय आणि मराठीत काम म्हटलं काय, आत्यांना ऐकू आलं ते 'कामाला जाता का?'

दुसऱ्या फेरीला नेमका करंट गेला होता. माग गप्प. मुलगी कट्ट्यावर बसली, चहा घेतला, आणि यावेळी काम हा शब्दच काढला नाही. मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाली, "अज्जी, परवा सोमवारी उठल्यापासनं काय काय केलं?" आत्यांना एवढंच पाहिजे होतं. पाणी तापवलं, देवपूजा केली, दोन डबे कांड्या भरल्या, भाकरी खाल्ली, जरा आडवी झाले, परत एक डबा भरला. "एक डबा भरायला किती वेळ?" "तास-सव्वा तास जातोय की." मुलीनं टॅबवर काहीतरी केलं आणि मला दाखवलं. आत्या ९२ वरनं २१ वर आल्या होत्या. ९२ म्हणजे फक्त घरकाम, २१ म्हणजे घरच्या धंद्यात मदतनीस. गेल्या सात दिवसांत कुठल्याही एका दिवशी एक तास काम केलं असलं तर तो माणूस कामगार. तासाची ही अट आपल्या दिल्लीनं काढलेली नाही. १९८२ साली आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेच्या परिषदेत ठरलेली अट आहे, बऱ्याच देशांत तीच चालते. म्हणूनच तिसऱ्या फेरीच्या आठवड्यात मंगाईची यात्रा होती, माग दोन दिवस बंद, तरी आम्ही सगळे कामगारच.

माझी मुलगी अर्थशास्त्र घेऊन बी.ए. करते. तिनं पुढचं हुडकून दिलं. १५ वर्षांवरच्या बायकांपैकी श्रमबलात असलेल्या, म्हणजे काम करणाऱ्या किंवा काम शोधणाऱ्या, २०१७-१८ मध्ये २३.३ टक्के होत्या, २०२३-२४ मध्ये ४१.७ टक्के. कोण म्हणतंय बायकांना कामं मिळाली, कोण म्हणतंय आकडा फुगवला. मला त्यातली एक ओळ लागली: काम करणाऱ्या बायकांतल्या तिसऱ्या हिश्शापेक्षा जास्त घरच्या धंद्यात बिनपगारी मदतनीस आहेत. म्हणजे आमच्या आत्या. त्यातल्या किती जणी नव्यानं कामाला लागल्या आणि किती जणींना नुसतं नीट विचारलं गेलं, हे वेगळं कसं काढणार? आत्या तर लग्न होऊन आल्यापासनं कांड्या भरतात. पैसे तेव्हाही नव्हते, २१ झाल्यावरही नाहीत.

पैशाच्या प्रश्नाला आमचे मालक, म्हणजे माझे हे, अडले. गेल्या तीस दिवसांची कमाई सांगा म्हटल्यावर त्यांना आधी इन्कम टॅक्सच दिसला. मुलीनं २००८ चा सांख्यिकी कायदा सांगितला, एकेका घराची माहिती गुप्त राहते, आकडेवारीशिवाय दुसरीकडं वापरत नाहीत. तरी "दहा-बारा हजार धरा" म्हणाले. ती म्हणाली, "वही आहे काय?" वही काढली. मजुरीतनं करंट बिल, मेस्त्रीचे पैसे, मोडलेल्या धोट्याचे पैसे वजा जाता ८,४०० उरले. मालकांनाच पत्ता नव्हता. त्या दिवसाचा पाव तारा त्या वहीचा.

मुलीनं माझ्या मोबाईलवर जीओआयस्टॅट्स हे ॲपही घालून दिलं. २०२५ च्या २९ जूनला, संख्याशास्त्रज्ञ महालनोबिसांच्या वाढदिवशी, सांख्यिकी मंत्रालयानं काढलेलं, फुकट. मला त्यात आमचं बेळगाव बघायचं होतं. पण मासिक पत्रक निघतं ते अख्ख्या देशाचं. एप्रिल २०२५ चं पहिलं, त्यात बेकारी ५.१ टक्के. वडगावात किती माग बंद पडले आणि किती पोरं पुण्याला गेली, ते त्या एका आकड्यातनं काढता येत नाही. आता नमुना जिल्हा धरून काढतात, म्हणजे कधीतरी दिसेल. तोवर अर्धा तारा कापून ठेवलाय.

उरलेला एक तारा कापला तो आमच्याच घराचा, साडेदहाची वेळ दिल्याबद्दल आणि आतनं ओरडल्याबद्दल.

शेवटच्या फेरीला मी विचारलं, "मग ते पहिल्या महिन्याचं खोडलं काय?" ती म्हणाली, "नाही अक्का, तो आठवडा गेला. जसं सांगितलं तसंच राहणार." आत्या कांड्यांचा डबा सारत म्हणाल्या, "म्हंजे त्या महिन्यात मी नुसती बसून होते म्हणा की."

तुमच्या गल्लीत आली तर करंट जायच्या वेळेला बोलवा.