क्युपोलासाठी लो-ॲश हार्ड कोक: पैसे वसूल, पण साइझ बघूनच

कोल्हापूरच्या शिरोली, गोकुळ शिरगाव आणि उद्यमनगरातल्या ज्या फौंड्रीत अजून क्युपोला (बीड म्हणजे कास्ट आयर्न वितळवायची उभी भट्टी) पेटतो, तिथं हार्ड कोकची (कोळसा भाजून केलेल्या कडक इंधनाची) खरेदी बहुतेक वेळा टनाच्या भावावर ठरते. आमचं मत आधीच सांगून टाकतो. १२ टक्क्यांच्या आत राख असलेला, ९० ते १२० मिलिमीटरचा फौंड्री कोक धनबादच्या साध्या कोकपेक्षा टनामागे दीडपट महाग पडला तरी घ्यावा. त्याच लो-ॲशच्या (कमी राखेच्या) नावाखाली येणारा ३० ते ८० मिलिमीटरचा माल मात्र ३६ इंची (आतला व्यास) क्युपोलाला घेऊ नये, भाव कितीही उतरला तरी.

बाजारात माल तीन तऱ्हेचा येतो. पहिला झरिया-धनबाद पट्ट्यातला, बीहाइव्ह (घुमटासारख्या जुन्या) भट्टीत भाजलेला कोक. यात राख २५ ते ३० टक्के, कधी त्याहूनही जास्त. दुसरा, आयात कोळशापासून बनवलेला पण पोलाद कारखान्यांच्या ब्लास्ट फर्नेससाठी चाळलेला लो-ॲश कोक. राख १२-१३ टक्के, पण तुकडा बारीक. तिसरा खास फौंड्री ग्रेड, राख तेवढीच किंवा कमी आणि तुकडा मुठीपेक्षा मोठा. दुसऱ्या आणि तिसऱ्या मालाचा लॅब रिपोर्ट जवळजवळ सारखाच दिसतो, म्हणून नेमकी तिथंच फसगत होते.

आधी राखेचा हिशेब. साध्या कोकमध्ये २७ टक्के राख, ४ टक्के ओलावा आणि २ टक्के वायू धरले तर कामाचा कार्बन उरतो ६७ टक्के. लो-ॲशमध्ये तो ८३-८४ टक्के असतो. फरक एवढ्यावर थांबत नाही. राख जळत नाही, ती वितळवावी लागते. त्यासाठी चुनखडी घालावी लागते आणि चुनखडी फुटायलाही उष्णता लागते. म्हणून साध्या कोकवर कोक आणि बिडाचं प्रमाण एकास पाचच्या आसपास अडकतं, चांगल्या कोकवर ते एकास आठपर्यंत जातं. म्हणजे टनभर बीड वितळवायला २०० किलोऐवजी १२५ किलो कोक. पहिल्या हिशेबात टनामागे ५४ किलो राख भट्टीत जाते, दुसऱ्यात १५ किलो. स्लॅग (वितळलेल्या राखेची मळी) काढण्याचे कष्ट, लायनिंगची (भट्टीच्या आतल्या अस्तराची) झीज, स्लॅगबरोबर वाहून जाणारं बीड, हे सगळं या ५४ आणि १५ मधल्या फरकातून येतं. नुसत्या कोकच्या वजनावर बरोबरी १.६ पटीला होते. हाताळणी आणि चुरा यांना जागा ठेवून दीडपट हा सुरक्षित आकडा.

आता तुकडा. सर्वसाधारण नियम असा, की कोकचा तुकडा क्युपोलाच्या आतल्या व्यासाच्या दहाव्या भागाएवढा असावा. ३६ इंची भट्टीला ९० मिलिमीटर, २४ इंचीला ६० मिलिमीटर. बारीक तुकड्यानं काय बिघडतं ते नीट समजून घ्यायला हवं. ट्युयरसमोर (भट्टीत हवा सोडणाऱ्या तोंडांसमोर) कार्बन जळून कार्बन डायऑक्साइड होतो आणि भरपूर उष्णता सुटते. हाच वायू वर जाताना तापलेल्या कोकला भिडला की उलटी क्रिया होते: तो आणखी कार्बन खाऊन कार्बन मोनॉक्साइड बनतो आणि सुटलेल्या उष्णतेचा मोठा वाटा परत शोषून घेतो. तुकडा जितका बारीक तितका पृष्ठभाग जास्त, तितकी ही चोरी जास्त. शिवाय बारीक मालातून हवा नीट जात नाही, ब्लास्टचा (ब्लोअरच्या हवेचा) दाब चढतो आणि हवा कडेकडेनं वाट काढते. परिणाम असा की राख कमी असूनही बीड थंड येतं आणि दोष कोकच्या ‘क्वालिटी’वर जातो. २४ इंची किंवा त्याहून लहान भट्टी असणाऱ्यांना मात्र हा दुसऱ्या तऱ्हेचा माल, ५० मिलिमीटरच्या चाळणीवर चाळून, बऱ्यापैकी चालतो.

गाडी दारात आल्यावर करायच्या तपासण्या अवघड नाहीत. तुकडा तुकड्यावर आपटून बघा; चांगला भाजलेला कोक खणखणीत वाजतो, रंग रुपेरी करडा असतो. बद्द आवाज आणि एका टोकाला काळा, मऊ भाग दिसला तर तो कच्चा राहिलेला कोक. असा माल चार्जिंग दारातून पिवळसर धूर काढतो. मजबुतीसाठी २५ किलो कोक सहा फुटांवरून लोखंडी प्लेटवर चार वेळा टाका आणि ५० मिलिमीटरच्या चाळणीवर चाळा. ८५ टक्क्यांच्या वर माल चाळणीवर उरला पाहिजे. क्युपोलात कोक नुसता जळत नाही, वरच्या बिडाचा, स्क्रॅपचा सगळा भार तोलून धरतो. म्हणूनच आपल्या जिल्ह्यात गुऱ्हाळाची चुलवाणं चिपाडावर उत्तम चालत असली, तरी चिपाड काय किंवा ब्रिकेट काय, क्युपोलात कोकची जागा घेऊ शकत नाही.

ओलाव्याकडे कोल्हापुरात सगळ्यात जास्त दुर्लक्ष होतं आणि इथल्या पावसात तेच सगळ्यात महाग पडतं. कोक सच्छिद्र असतो, उघड्या गाडीत पाणी पितो. गाडीच्या दहा-बारा ठिकाणांहून, वरून आणि खालूनही नमुना घ्या, बारीक करून त्यातला मोजका भाग १०५ ते ११० अंशांवर वजन स्थिर होईपर्यंत वाळवा. १० टन मालात ८ टक्के पाणी निघालं तर ८०० किलो पाण्याला कोकचा भाव दिला असा अर्थ. राखेसाठी वाळवलेली पूड ८१५ अंशांवर पूर्ण जाळून उरलेलं वजन घ्यायचं असतं. मफल फर्नेस (लॅबची छोटी बंद भट्टी) नसेल तर नमुना बाहेरच्या लॅबला द्या, पण नमुना आपणच काढा. पुरवठादारानं आणलेली पुडी तपासण्यात अर्थ नाही.

साध्या कोकवरून लो-ॲशवर येताना बहुतेक ठिकाणी एक चूक होते: चार्जमधला (एका खेपेला वरून टाकायच्या मालातला) कोक कमी केला जातो आणि बीड तेवढंच ठेवलं जातं. असं केलं की कोकचा थर पातळ होतो, दोन चार्ज एकमेकांत मिसळतात आणि बेड (तळाचा पेटता कोक) असमान जळतो. थर १५ ते २० सेंटिमीटर कायम ठेवा आणि बिडाचं वजन वाढवा. एकास पाचवरून एकदम आठवर उडी नको. सहा, मग सात, असं हीटमागून हीट (एकेका वितळणीगणिक) जा आणि प्रत्येक वेळी टॅपिंगचं (बीड बाहेर काढतानाचं) तापमान बघा. बेडची उंची ट्युयरच्या वर मोजायची. जुना भरवशाचा हिशेब असा: ब्लास्टचा दाब चौरस इंचामागे औंसात घ्या, त्याचं वर्गमूळ काढा, साडेदहानं गुणा, त्यात सहा मिळवा, उत्तर इंचात येतं. १६ औंसांना ४८ इंच. पाण्याच्या नळीवर मोजत असाल तर १६ औंस म्हणजे सुमारे ७०० मिलिमीटर. बेड खाली गेला तर बीड ऑक्सिडाइज होतं, सिलिकॉन-मँगनीज जळतात, पातळ कास्टिंग पांढरं आणि कडक निघतं, मशिन शॉपमध्ये टूल तुटतात. बेड वर राहिला तर वितळण्याचा वेग मंदावतो आणि कोक वाया जातो.

आणखी एक फरक पडतो तो कार्बनचा. कमी राखेचा कोक बिडाला जास्त कार्बन देतो. चार्ज तोच ठेवला तर एफजी २६० (ग्रे आयर्नची एक ग्रेड) ची कास्टिंग मऊ पडायला लागतात. मात्र याच गोष्टीचा फायदाही घेता येतो: पिग आयर्न (विकत मिळणारं कच्चं बीड) कमी करून स्टील स्क्रॅप वाढवता येतं. कोकवर वाढलेला खर्च काही फौंड्रीत इथूनच परत मिळतो. सल्फरवर मात्र लक्ष ठेवा, कारण कमी राख म्हणजे कमी सल्फर असं नाही. आसामच्या कोळशात राख कमी आणि सल्फर भरपूर असतो. मँगनीज हे सल्फरच्या १.७ पट अधिक ०.३ टक्के एवढं ठेवलं की ग्रे आयर्नचं काम भागतं.

चुनखडी कोकच्या वजनाच्या २५ ते ३० टक्के पुरते, तुकडा २५ ते ५० मिलिमीटर. योग्य आहे का ते स्लॅगच सांगतो. बाटलीच्या काचेसारखा हिरवट असेल तर ठीक. काळा आणि जड असेल तर त्यात लोखंड चाललं आहे. पांढुरका असेल तर चुनखडी जास्त झाली.

हा कोक महाग का, याचं उत्तर कोल्हापुरात नाही. भारतानं २०२४-२५ मध्ये १०० कोटी टनांहून जास्त कोळसा काढला, तरी कोक बनवायला लागणारा चांगला कोळसा बहुतांश बाहेरून आणावा लागतो. झरियाचा कोळसा कोकिंग आहे, पण त्यात माती इतकी बारीक मिसळलेली असते की धुऊनही राख पुरेशी उतरत नाही. त्यामुळे आपण ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलँडवर अवलंबून आहोत. तिथं पूर आला, रेल्वे बंद पडली की कोकिंग कोळशाचा भाव उसळतो. मार्च २०२२ मध्ये तो टनाला ६०० डॉलरच्या वर गेला होता. तयार लो-ॲश कोकच्या आयातीवर केंद्रानं १ जानेवारी २०२५ पासून देशवार कोटा घातला होता. शिरोलीतल्या छोट्या युनिटला हे सगळं कोटेशनमधल्या एका ओळीत दिसतं: ‘भाव सात दिवसांसाठी’. म्हणून पावसाळ्याआधी, मे महिन्यात, जागा कोरडी असेल तेवढा साठा करून ठेवणं शहाणपणाचं.

किंमत फक्त रुपयांची नाही. टनभर कोक बनवायला सुमारे १.४ टन कोळसा लागतो आणि बीहाइव्ह भट्टीत त्यातला वायू हवेतच जळून जातो. झरियाच्या खाणींत १९१६ पासून जमिनीखाली आग आहे. तिच्यावर राहणारी वस्ती धूर, खचणारी जमीन आणि पुनर्वसनाची वाट यात पिढ्या घालवते आहे. टनाचा भाव ठरवताना हे कुणीच धरत नाही. जगात २०२४ मध्ये कोळशाचा वापर ८८० कोटी टनांच्या जवळ, तोवरचा सर्वांत जास्त होता, त्यातला निम्म्याहून अधिक एकट्या चीनचा. त्यापुढे आपल्या भट्ट्या लहान आहेत, पण वाया जाणारा प्रत्येक किलो आपल्याच हातात आहे.

मग सरळ इंडक्शन (विजेवरची भट्टी) का नको? एसजी आयर्नचं (गोल ग्राफाइटच्या चिवट बिडाचं) काम असेल तर इंडक्शनच हवी, कारण तिथं सल्फर ०.०२ टक्क्यांच्या खाली लागतो आणि क्युपोलाचं बीड तसं येत नाही. धूर आणि आसपासच्या वस्तीचा विचार केला तरी इंडक्शन उजवी. पण कार्बन डायऑक्साइडचा हिशेब मांडला तर चित्र वेगळं दिसतं. एक टन बिडाला ६०० युनिट वीज आणि युनिटमागे सुमारे ०.७ किलो धरले तर ४२० किलो होतात, कारण आपल्या विजेमागे २९२० मेगावॉटच्या चंद्रपूरसारखी कोळशावरची केंद्रं आहेत. लो-ॲशवर नीट चालवलेला क्युपोला कोकमधून ३८५ किलो आणि चुनखडीतून पंधराएक किलो, म्हणजे ४०० च्या आसपास येतो. साध्या कोकवरचा क्युपोला ५०० च्या वर जातो. इंडक्शन खऱ्या अर्थानं पुढे जाते ती सौर विजेचा करार किंवा शेडवर पॅनेल असतील तेव्हा. ज्यांना भट्टी बदलणं आज परवडत नाही, त्यांनी दोन रांगांत ट्युयर असलेल्या डिव्हायडेड ब्लास्ट क्युपोलाचा विचार करावा. दोन रांगांत साधारण ९० सेंटिमीटर ते १ मीटर अंतर आणि हवा निम्मी-निम्मी. वरची हवा तो कार्बन मोनॉक्साइड परत जाळते. कोक २० ते ३० टक्क्यांनी कमी लागतो. लो-ॲश कोकचा पूर्ण फायदा अशाच भट्टीत मिळतो.

चार्जिंग प्लॅटफॉर्मवरच्या माणसांबद्दल एक गोष्ट न चुकता पाळा. वीज गेली किंवा ब्लोअर थांबवला की लगेच ट्युयरची झाकणं उघडा. नाहीतर कार्बन मोनॉक्साइड विंड बॉक्समध्ये (ट्युयरना हवा पुरवणाऱ्या पेटीत) भरतो आणि ब्लोअर पुन्हा सुरू करताच स्फोट होतो. या वायूला वास नाही, रंग नाही. दारापाशी डोकं जड झालं की माणूस खाली उतरवायचा, काम नंतर.

ऑर्डर देताना कागदावर पाच गोष्टी लिहून घ्या: कोरड्या वजनावर पैसे, राख १२ टक्क्यांपर्यंत आणि त्यावरच्या प्रत्येक टक्क्याला कपात, सल्फर ०.७ टक्क्यांच्या आत, ५० मिलिमीटरखालचा माल ५ टक्क्यांपेक्षा जास्त नको, आणि ताडपत्रीबंद गाडी. दहा टक्के रक्कम लॅबचा रिपोर्ट येईपर्यंत हातात ठेवा. उतरवताना फावड्याऐवजी काट्याची फणी वापरा, माल काँक्रीटच्या उताराच्या ओट्यावर पत्र्याखाली रचा. चाळून निघालेला चुरा भट्टीत परत घालू नका. वीटभट्टीवाले तो नेतात.