आमच्या पत्त्यातले खेर: फोर्टमधली एक पायी फेरी

गेली एकतीस वर्षं मी वांद्रे पूर्वेला खेरनगरात राहते. रेशनकार्डापासून मुलीच्या लग्नपत्रिकेपर्यंत सगळीकडे 'खेरनगर' लिहिलं. हे खेर कोण, तर "पहिले मुख्यमंत्री", एवढ्यावर माझं भागत होतं. मागच्या रविवारी फोर्टमध्ये वकिलीतून राजकारणात गेलेल्या माणसांवरची एक पायी फेरी केली. माणशी सहाशे रुपये, चर्चगेटला सकाळी साडेसातला जमायचं, अडीच तास चालायचं. माहिती सांगणारे गृहस्थ कोर्टातल्या नोकरीतून निवृत्त झालेले. हातात एक कागद नाही, आणि मराठी अगदी आपल्या घरातलं.

ओव्हल मैदानाच्या कडेला त्यांनी आम्हाला उभं केलं आणि समोरची रांग बघायला सांगितली. डावीकडून हायकोर्ट, मग राजाबाई टॉवर आणि विद्यापीठ, मग जुनं सचिवालय. बाळासाहेब खेरांचं निम्मं आयुष्य या एका रांगेत मावतं. १८८८ साली रत्नागिरीत जन्म, विल्सन कॉलेज, मग कायदा. हायकोर्टात न्यायमूर्ती बीमन यांचे सचिव, १९१८ मध्ये स्वतःची सॉलिसिटर फर्म, पुढे गांधीजींच्या चळवळीत तुरुंगवास, आणि १९३७ मध्ये थेट मुंबई प्रांताचे पंतप्रधान. तेव्हा प्रांताच्या प्रमुखालाही पंतप्रधानच म्हणत. काँग्रेसच्या मंत्र्यांनी महिना पाचशे रुपयेच पगार घ्यायचा असं ठरलेलं होतं. चालत्या फर्मचा मालक ती कमाई सोडून या पगारावर येतो, हे ऐकताना मी मैदानात खाली बसलेच. शिक्षण खातंही त्यांनी स्वतःकडे ठेवलं होतं. मी सत्तावीस वर्षं शाळेत शिकवलं, त्यामुळे हे मला जास्तच भिडलं.

सॉलिसिटर आणि बॅरिस्टर यांतला फरक गृहस्थांनी फार छान समजावला. अशिलाचं गाऱ्हाणं ऐकायचं, कागद जुळवायचे, बाजू बांधायची ती सॉलिसिटरने. कोर्टात उभं राहून गाजवायचं ते बॅरिस्टरने. खेर पहिल्या जातीतले. सगळ्यांचं ऐकून घेणारा माणूस म्हणून त्यांचं नाव होतं, त्याचं मूळ मला तरी या कामात दिसतं. हायकोर्टाच्या खांबांवर गळ्यात वकिली बँड बांधलेला कोल्हा आणि तराजू धरलेलं एकाक्ष माकड कोरलंय. ते मात्र फोटोतच बघावं लागलं, कारण ही फेरी आत जात नाही.

मग नरिमन. नरिमन पॉइंट रोज तोंडात असतं, पण हे नरिमनही वकील होते आणि १९३७ मध्ये प्रांताचं नेतृत्व आपल्याकडे येईल अशी त्यांची अपेक्षा होती, हे मला कुठे माहीत होतं? नेते म्हणून खेर निवडले गेले, नरिमननी वल्लभभाई पटेलांना दोष दिला, चौकशी झाली, निकाल नरिमन यांच्या विरुद्ध गेला. गोष्ट रंगते खरी, पण तिच्यात पंचवीस मिनिटं गेली.

फेरीचा जीव आहे तो शेवटच्या थांब्यात. रीगलसमोर पोलीस मुख्यालयाची जी देखणी इमारत आहे, ती मुळात खलाशांसाठी बांधलेली. १९२८ पासून तिथे कौन्सिल हॉल होता. गृहस्थांनी मला विचारलं, "बाई, गाव कुठलं तुमचं?" म्हटलं, राजापूर. "कूळ की खोत?" म्हटलं, कूळ. "मग हा थांबा तुमचा," असं म्हणून त्यांनी पुढचं सगळं जणू मलाच सांगितलं.

कोकणात खोत म्हणजे गावाचा मालकच. माझी आजी सांगायची, खोताच्या अंगणात भात घालायला जाताना आजोबा चपला काढून हातात घेत, आणि लावणीच्या दिवसांत स्वतःची शेती टाकून आधी खोताच्या शेतात वेठ करत. ही खोती मोडा म्हणून सप्टेंबर १९३७ मध्ये याच विधिमंडळात डॉ. आंबेडकरांनी विधेयक आणलं. तेही याच हायकोर्टातले बॅरिस्टर. जानेवारी १९३८ मध्ये हजारो शेतकरी या इमारतीवर मोर्चा घेऊन आले आणि शिष्टमंडळ खेरांना भेटलं. विधेयक तेव्हा मार्गी लागलं नाही. १९३९ च्या नोव्हेंबरात मंत्रिमंडळ गेलं, युद्ध झालं, १९४६ मध्ये खेर परत आले, आणि १९४९ चा खोती नष्ट करणारा कायदा त्यांच्याच सरकारच्या काळात झाला. बारा वर्षं लागली. खेरांबद्दल मला आदर वाटतो, पण रत्नागिरीत जन्मलेल्या माणसाला ही वेठ कळत नव्हती असं मी मानणार नाही. पहिल्याच वेळी हे व्हायला हवं होतं. त्या पायऱ्यांसमोर मला आजोबांच्या हातातल्या चपलाच दिसत होत्या. शेजारच्या मुलीने मला पाणी दिलं.

आता उणिवा. वीस माणसं एका वेळी जास्त होतात. ध्वनिक्षेपक दोनदा बंद पडला आणि मागच्यांना बसच्या आवाजात काही ऐकू आलं नाही. ७ नोव्हेंबर १९३८ च्या कामगार संपाला जेमतेम दोन वाक्यं मिळाली. संपाच्या हक्कावर बंधनं घालणारं विधेयक खेरांच्याच सरकारने आणलं होतं आणि त्याविरुद्ध गिरणगाव रस्त्यावर उतरला होता. ज्यांच्या घरात गिरणीकामगार होते, त्यांच्यासाठी ही बाजू तितकीच मोठी आहे. वाटेत स्वच्छतागृहाची सोय कुठे, हेही आधी सांगायला हवं.

पैसे पुरेपूर वसूल झाले. कॉलेजातल्या मुलांना तर जरूर पाठवा. निघताना मी गृहस्थांना म्हटलं, नरिमनांची दहा मिनिटं कमी करा आणि संपाला द्या. त्यांनी खिशातली डायरी काढून तिथेच लिहून घेतलं. पुढच्या महिन्यात मामांना घेऊन पुन्हा जाणार आहे. त्यांचे वडील लालबागला गिरणीत होते.